गिरणीचं वळण

बेलार्मिना : शिडीला हात लावू नकोस. धरायचीच असेल तर नीट धर, नाहीतर बाजूला हो. आणि असले बूट घालून चिखलात कशाला आलीस?

ओर्लिंदा : शिडी हलत होती, कोमाद्रे. म्हणून धरली.

बेलार्मिना : सकाळपासून हलतेय. तेव्हा नाही कुणी आमदार आला धरायला.

ओर्लिंदा : मी काल दोनदा फोन केला होता तुम्हाला.

बेलार्मिना : हो, वाजला.

ओर्लिंदा : मग उचलला का नाही?

बेलार्मिना : हात चिखलात होते.

ओर्लिंदा : दोन्ही वेळा?

बेलार्मिना : ईस्टर तोंडावर आलाय. देवळाच्या चारी भिंती लिंपून व्हायच्यात. या दिवसांत एल अलामितोतल्या बाईचे हात चिखलातच असतात. एके काळी तुलाही ठाऊक होतं ते.

ओर्लिंदा : तुम्ही मला 'तू' म्हणताय.

बेलार्मिना : आलं का लक्षात.

ओर्लिंदा : सव्वीस वर्षांत पहिल्यांदा ऐकतेय. अमादेओच्या बाप्तिस्म्याच्या सकाळपर्यंत आपण 'तू-तू' होतो. मग मी त्याची माद्रिना, धर्ममाता झाले. याच देवळात त्याला उचलून आत नेला, फादरांनी डोक्यावर पाणी घातलं, आणि या इथे दारात आणून तुमच्या हातात परत दिला. त्या क्षणापासून आपण कोमाद्रे. त्या क्षणापासून 'तुम्ही'. आपल्यात हे कुणी मोडत नाही.

बेलार्मिना : ज्याच्यामुळे 'तुम्ही' म्हणत होते तो गेला, त्याला सात वर्षं झाली. तरी म्हणत राहिले. आता जीभ वळत नाही.

त्रांकिलिनो : मनावर घेऊ नका, कोमाद्रे. मला ती लग्नापासून काय काय म्हणते. 'तू' हा त्यातला सगळ्यात गोड शब्द.

बेलार्मिना : किनो, तू ट्रकमध्ये गप बस. काच वर कर, वारा सुटलाय.

त्रांकिलिनो : काच वर केली तर ऐकू कसं येणार?

ओर्लिंदा : कोम्पाद्रे, तुम्ही इथे? आज शुक्रवार. आज तुमचं डायलिसिस असतं ना?

त्रांकिलिनो : आत्ताच तिथून सुटलो. ती म्हणाली, घरी एकटा कशाला, देवळापाशी उन्हात बस. तेव्हा मला काय माहीत, इथे करमणुकीची सोय आहे.

ओर्लिंदा : तब्येत कशी आहे?

त्रांकिलिनो : राजमा बंद, बटाटे बंद, टोमॅटो बंद, मीठ तर कधीच बंद. आता फक्त राजकारण उरलंय. तेही पचत नाही.

ओर्लिंदा : राजकारणाचंच बोलायला आलेय, असं समजा. कोमाद्रे, खाली उतरता का जरा? मान दुखतेय माझी वर बघून.

बेलार्मिना : दुखू दे. आम्ही बावीस वर्षं तुझ्याकडे वर मान करूनच बघतोय.

ओर्लिंदा : मंगळवारी उमेदवारीचं नाव द्यायचा दिवस. माझ्याविरुद्ध तुम्ही नाव देणार आहात, हे मला पेट्रोल पंपावरच्या पोरीनं सांगितलं. पंपावरच्या पोरीनं. तुम्हाला स्वतःला सांगावंसं वाटलं नाही?

बेलार्मिना : तिनं नीट सांगितलं ना? मग झालं.

त्रांकिलिनो : मलाही पंपावरच कळलं. आणि मी तर नवरा आहे.

बेलार्मिना : किनो.

त्रांकिलिनो : गप बसलो.

ओर्लिंदा : तुम्ही लिंपण करता, कोमाद्रे. या खोऱ्यात तुमच्यासारखा हात कुणाचा नाही, हे मी सभागृहात उभी राहून बोललेय. पण तिथे निवडून गेल्यावर काय असतं, याची कल्पना आहे तुम्हाला? पगार नाही. अधिवेशन चालू असताना भत्ता, बाकी वर्षभर स्वतःच्या गाडीत स्वतःचं पेट्रोल. कुणाच्या विहिरीचं पाणी आटलं, कुणाचा पोरगा तुरुंगात गेला, कुणाची पेन्शन अडकली, सगळ्यांचे फोन मला. माझं लग्न त्या रस्त्यावर संपलं, इथून राजधानीला, सांता फेला, आणि सांता फेहून इथे. एकदा बर्फात गाडी बंद पडली तर रात्रभर—

बेलार्मिना : देऊळ लिंपल्याचाही पगार नसतो. आम्ही कुणाला ऐकवत नाही.

ओर्लिंदा : मी ऐकवत नाहीये. मी सांगतेय.

बेलार्मिना : तुझं सांगणं आणि ऐकवणं आता एकच झालंय. माईक नसला तरी तू माईकसमोरच बोलतेस. ती भिंत दिसते? उत्तरेकडची. ती तुम्हा क्विंतानांची. तुझ्या आईनं लिंपली, आजीनं लिंपली. तू शेवटची कधी हात लावलास तिला?

ओर्लिंदा : मी दर वर्षी माणूस पाठवते.

बेलार्मिना : माणूस येतो, चिखल थापतो, जेवतो, जातो. उत्तरेकडे बर्फ शेवटपर्यंत राहतो, दोन महिन्यांत पोपडे निघतात. मग मी करते पुन्हा. तुझी भिंत पाच वर्षं मी लिंपतेय. हे पंपावरच्या पोरीनं नाही सांगितलं?

ओर्लिंदा : द्या तो चिखल इकडे.

बेलार्मिना : काय करतेस?

ओर्लिंदा : माझी भिंत लिंपते. तुम्ही बोला, मी ऐकते. हात रिकामे असले की भांडण वाढतं, असं माझी आई म्हणायची.

बेलार्मिना : बाही तरी वर कर. चिखल भुशासकट वाळेल त्या सुटावर.

ओर्लिंदा : वाळू दे. आता सांगा. माझं काय चुकलं? मी कुणाच्या वाटेत आडवी आले नाही. त्या सेलेदोनियोला आठवा. माझ्या आधीचा आमदार. तीस वर्षं एकच माणूस. निवडणुकीच्या आदल्या दिवशी दारात पिठाचं पोतं, आणि नंतर चार वर्षं दार बंद. त्याला कुणी पाडलं? आपण पाडलं. तुम्ही आणि मी. तुमच्या जुन्या ट्रकमध्ये बसून खोऱ्यातल्या प्रत्येक देवळापाशी गेलो. जिथे जिथे बायका लिंपत होत्या तिथे उतरलो, चिखलात हात घातले. भाषण नाही, पोतं नाही. देवळं लिंपणाऱ्या बायकांनी आमदार निवडून दिला म्हणून सांता फेचे पेपरवाले हसले होते.

बेलार्मिना : मला आठवतं. ट्रक माझा होता.

ओर्लिंदा : मग त्याच बायका तुम्ही माझ्याविरुद्ध उभ्या करताय.

बेलार्मिना : त्या उभ्याच होत्या. तू बसलीस. खुर्चीत.

ओर्लिंदा : छान. टाळ्या मिळतील या वाक्याला.

बेलार्मिना : टाळ्यांचं तू बोलू नकोस. जाड लावतेस. पातळ हात फिरव, भेगा पडतील. टाळ्यांचं तर तू अजिबात बोलू नकोस.

ओर्लिंदा : म्हणजे काय?

बेलार्मिना : मला विधानसभेच्या गॅलरीत बसवलं होतंस. आठवतं? पोराला पुरून चार महिने झाले होते. मला काळा ड्रेस घालायला सांगितलास. किनोला टाय लावायला लावलास, त्याला गाठ येईना, तूच बांधलीस. खाली सभागृहात तू उभी राहिलीस आणि वाचून दाखवलंस: अमादेओ सिस्नेरोस, वय एकोणीस, गिरणीच्या वळणावर समोरून लाकडाचा ट्रक आला. मग म्हणालीस, त्याची आई वर बसलीय. सगळे उठले. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. दोन्ही पक्षांच्या. मी उभी राहिले, कुणाला बघू कळेना, म्हणून तुझ्याकडे बघितलं. तू म्हणालीस, मेमोरियल एकमतानं पास झालं.

ओर्लिंदा : झालंच होतं एकमतानं.

बेलार्मिना : काय झालं होतं?

ओर्लिंदा : मेमोरियल.

बेलार्मिना : म्हणजे काय?

ओर्लिंदा : कोमाद्रे...

बेलार्मिना : म्हणजे काय ते सांग. बावीस वर्षं आमदार आहेस. मला, लिंपणवालीला, समजेल अशा भाषेत सांग.

ओर्लिंदा : तुम्हाला कळलंय. म्हणूनच विचारताय.

बेलार्मिना : मला वाटलं, मेमोरियल म्हणजे स्मारक. शाळेत तेच शिकवलं होतं. वाटलं, पोराच्या नावानं रस्ता सरळ होणार, कठडा लागणार, त्याच्या नावाची पाटी लागणार. वाटलं, कायदा झाला. सोनेरी शिक्क्याचा कागद तू चौकटीत घालून दिलास. तो मी पुढच्या खोलीत लावला. येणाऱ्याला दाखवायचे. सात वर्षं रोज पुसलाय मी तो.

ओर्लिंदा : मी कायदा असा शब्द कधीच वापरला नाही.

बेलार्मिना : नाही वापरलास. शब्दांच्या बाबतीत तू फार जपून असतेस. या हिवाळ्यात मी ती चौकट घेऊन रस्ते खात्याच्या कचेरीत गेले. काउंटरवर ठेवली. म्हटलं, कायदा होऊन सात वर्षं झाली, वळण अजून तसंच आहे, कुणाकडे तक्रार करू? तिथला माणूस चांगला होता बिचारा. आधी मला खुर्ची दिली. मग म्हणाला, बाई, हा कायदा नाही. सांता फेत मेमोरियल म्हणजे विनंती. विधानसभा आम्हाला विनंती करते की जमलं तर या वळणाचा विचार करा. आम्ही विचार करतो. अशा विनंत्यांनी आमची दोन कपाटं भरलीत. कुणाच्या लंगड्या गाईचा वाढदिवस असला तरी मेमोरियल निघतं, बाई.

ओर्लिंदा : असं म्हणाला तो?

बेलार्मिना : गाईचं मी घातलं. बाकी तो म्हणाला.

त्रांकिलिनो : गाईचं मी घातलं होतं. घरी आल्यावर.

ओर्लिंदा : तुम्ही त्या दिवशी गॅलरीत रडत होता. चार महिन्यांनी पहिल्यांदा तुमच्या चेहऱ्यावर काहीतरी दिसलं होतं मला. त्या वेळी मी काय शब्दांचा अर्थ समजावत बसायचं होतं?

बेलार्मिना : त्या दिवशी नको. दुसऱ्या दिवशी. नाहीतर त्या उन्हाळ्यात. पुढच्या निवडणुकीत मी तुझ्याबरोबर दारोदार फिरले. प्रत्येक दारात सांगितलं, आमच्या ओर्लिंदानं माझ्या पोरासाठी कायदा करून घेतला. तू शेजारी उभी होतीस. तू काय केलंस? मूग गिळून मान हलवलीस.

ओर्लिंदा : मला वाटलं, एक-दोन वर्षांत पैसे मिळवीनच मी. मग शब्द कुठलाही असो, वळण तर सरळ होईल. मग तेलाचे भाव पडले, राज्याची तिजोरी रिकामी झाली. मग खात्यानं सांगितलं, डोंगर फोडावा लागेल, खर्च तिप्पट. दर वर्षी मी मागत होते. दर वर्षी.

बेलार्मिना : आणि ऑक्टोबरात एर्मिनिया लुसेरोची रोसाना गेली. त्याच वळणावर. सतरा वर्षांची.

ओर्लिंदा : मी होते त्या मातीला.

बेलार्मिना : तू होतीस. काळ्या कोटात, पहिल्या रांगेत. मी मागे होते. मागे का होते, माहीत आहे?

ओर्लिंदा : नाही.

बेलार्मिना : दोन वर्षांपूर्वी एर्मिनिया माझ्याकडे आली होती. म्हणाली, आपण सगळ्या बायका खुर्च्या टाकून गिरणीच्या वळणावर बसू. लाकडाचे ट्रक अडवू. दोन दिवस अडवले की राज्यपाल स्वतः येईल. मी तिला पुढच्या खोलीत नेलं. ती चौकट दाखवली. म्हटलं, एर्मिनिया, गरज नाही, कायदा झालाय, जरा दम धर. तिनं माझं ऐकलं. खुर्च्या परत नेल्या. माझं ऐकलं तिनं, ओर्लिंदा. तुझं नाही. माझं.

ओर्लिंदा : हे मला माहीत नव्हतं.

बेलार्मिना : कसं असणार? पंपावरच्या पोरीलाही माहीत नाही. एर्मिनिया मला अजून काही बोललेली नाही. रविवारी मिस्साला माझ्या पुढच्या बाकावर बसते. शांतीचा हात द्यायची वेळ आली की मागे वळते, हात देते. बोलत नाही. रोज वाटतं, आज बोलेल. म्हणून मी नाव देतेय मंगळवारी. तुला पाडायचंय म्हणून नाही. तेही आहे. पण जी बाई तिथे बसेल तिला मेमोरियल म्हणजे काय हे माहीत असलं पाहिजे. मला आता माहीत आहे.

ओर्लिंदा : झालं बोलून?

बेलार्मिना : नाही. पण तू बोल.

ओर्लिंदा : ठीक. हे मी कधी सांगणार नव्हते. तुम्ही भाग पाडताय. ज्या वर्षी अमादेओ गेला, त्या अधिवेशनात माझ्या भागासाठी पैसे आले ते एका कामापुरते. एका. वळणाची फाइल माझ्या टेबलावर होती. पहिली, सगळ्यात वर. तुमचं मेमोरियल मी नंतर लिहिलं. कारण त्या पैशांचं मी दुसरं काहीतरी केलं होतं.

बेलार्मिना : काय केलंस?

ओर्लिंदा : कोम्पाद्रे सोमवार, बुधवार, शुक्रवार कुठे जातात?

बेलार्मिना : काय?

ओर्लिंदा : कुठे जातात? आपल्या दवाखान्यात. इथून दहा मिनिटांवर. त्याआधी कुठे जात होते? सांता फेला. आठवड्यातून तीनदा, जाऊन येऊन साडेतीन तास, आणि दर वेळी गिरणीच्या त्याच वळणावरून. त्या जानेवारीत बर्फ पडला तेव्हा दोन वेळा चुकल्या, पाय सुजून खांबासारखे झाले होते. तुम्हीच मला फोन करून रडलात, म्हणालात, पोर गेलं, आता हाही चाललाय. दवाखान्यातल्या त्या आठ डायलिसिसच्या खुर्च्या आकाशातून पडल्या नाहीत, कोमाद्रे, त्याच पैशांतून आल्या. त्यातल्या एका खुर्चीत तुमचा नवरा सात वर्षं जिवंत बसलाय. आता मला मेमोरियलचा अर्थ शिकवा.

(ट्रकचं दार उघडतं.)

बेलार्मिना : उतरू नकोस, किनो. चक्कर येईल.

त्रांकिलिनो : उतरलोय. माझं नाव घेतलंय, तर मला बोलू दे.

ओर्लिंदा : कोम्पाद्रे, तुमच्यासमोर बोलायला नको होतं मी.

त्रांकिलिनो : सात वर्षं तर कुणाहीसमोर बोलला नाहीत. त्यापेक्षा हे बरं. चार चार तास बसतो मी त्या खुर्चीत. समोर टीव्ही लावलेला असतो. कधी कधी त्यात तुम्ही असता, मान हलवत. शेजारच्याला मी सांगतो, ही आमच्या पोराची माद्रिना. आता कळलं, ज्या खुर्चीत बसून सांगतो ती कुणाची आहे.

ओर्लिंदा : तुमचीच आहे.

त्रांकिलिनो : माझी नाही. एर्मिनियाच्या पोरीची आहे. रागानं नाही बोलत, कोमाद्रे. राग करायला रक्तात ताकद लागते, ती आज दुपारीच काढून घेतलीय त्यांनी. पण मला विचारलं असतंत, तर मी म्हटलं असतं, वळण. माझं पोर गेलं तिथे दुसऱ्याचं जाऊ नये. मी गेलो असतो सांता फेला, जमेल तितके दिवस.

ओर्लिंदा : म्हणूनच नाही विचारलं. तुम्ही असंच बोलला असता, हे मला ठाऊक होतं.

बेलार्मिना : मी खुर्च्या म्हटलं असतं.

त्रांकिलिनो : काय म्हणालीस?

बेलार्मिना : ऐकलंस ते. मी खुर्च्या म्हटलं असतं. पोर मातीत होतं, नवरा उरला होता. वळण गेलं खड्ड्यात, माझा माणूस वाचवा, असंच म्हटलं असतं. विचार न करता.

त्रांकिलिनो : मिना...

बेलार्मिना : मला मिना मिना करू नकोस. खरं तेच सांगतेय.

ओर्लिंदा : म्हणजे तुम्ही असता तर तेच केलं असतंत जे मी केलं. मग भांडण कशाचं आहे आपलं? एवढं सगळं, ही निवडणूक, हे 'तू', हे सगळं कशासाठी?

बेलार्मिना : तू विचारलं नाहीस त्यासाठी. विचारलं असतंस तर ते माझ्या माथी आलं असतं. मी घेतलं असतं. एर्मिनिया खुर्च्या घेऊन आली तेव्हा मी तिला म्हटलं असतं, हो, चल, बसू रस्त्यावर, कारण तिकडचे पैसे मी माझ्या नवऱ्यासाठी वळवलेत, आता वळण आपल्यालाच मिळवायचंय. मी सगळ्यात पुढे बसले असते. तू माझ्या हातात तो कागद दिलास आणि मला घरी बसवलंस. आता तिच्यासमोर मी काय सांगू? मला एका शब्दाचा अर्थ कळला नाही म्हणून तुझी पोरगी गेली?

ओर्लिंदा : मला वाटलं, तुम्ही हो म्हणाल आणि मग आयुष्यभर स्वतःला खात बसाल. तेवढं एक ओझं तरी तुमच्यावर नको.

बेलार्मिना : माझं ओझं होतं ते. तू कोण उचलणारी?

ओर्लिंदा : तुमची कोमाद्रे.

बेलार्मिना : कोमाद्रेनं विचारलं असतं. आमदारानं परस्पर ठरवलं.

त्रांकिलिनो : मला बसायला काहीतरी द्या कुणीतरी.

ओर्लिंदा : ही बादली पालथी घालते. बसा. हळू.

बेलार्मिना : रिकामी आहे का ती? सगळा चिखल सांडलास.

ओर्लिंदा : सांडू दे. कालवू पुन्हा.

बेलार्मिना : तू कालवणार नाहीस. तू आता जा. नाव मागे घे सांगायला आली होतीस, मी घेत नाही, झालं काम.

ओर्लिंदा : त्यासाठी नव्हते आले.

बेलार्मिना : मग काय, भिंतीची आठवण झाली?

ओर्लिंदा : या अधिवेशनात वळणाचे पैसे मंजूर झालेत. मेमोरियल नाही. खरे पैसे, सहीशिक्क्यानिशी. मे महिन्यात डोंगर फोडायला सुरुवात.

बेलार्मिना : मे महिन्यात. आणि मतदान जूनमध्ये.

ओर्लिंदा : हो. मतदान जूनमध्ये. मला काय वेडी समजता? त्याचा फायदा मी घेणारच. पण ते सांगायलाही आले नव्हते. ते तुम्हाला पेपरात दिसलं असतं.

बेलार्मिना : मग?

ओर्लिंदा : रस्ता रुंद होईल तो नदीच्या बाजूनं. अमादेओ गेला त्या जागी लावलेला त्याचा क्रूस त्या हद्दीत येतो. खात्याची माणसं म्हणाली, आम्ही काढून बाजूला ठेवतो, अशी कामं रोजची आहेत आमची. मी म्हटलं, थांबा. आधी त्याच्या आईला विचारते. दोनदा फोन केला तो त्यासाठी.

त्रांकिलिनो : बावीस वर्षांत शिकल्या म्हणायच्या.

बेलार्मिना : मी नाही म्हटलं तर?

ओर्लिंदा : तर मी त्यांना नकाशा बदलायला लावीन. क्रूस राहील तिथेच. पण काम एक वर्ष पुढे जाईल.

बेलार्मिना : म्हणजे आणखी एक हिवाळा.

ओर्लिंदा : आणखी एक हिवाळा.

बेलार्मिना : म्हणजे माझ्या माथी.

ओर्लिंदा : तुमच्या माथी. आत्ताच मागत होतात ना? घ्या.

त्रांकिलिनो : कोमाद्रे, हे जरा जास्त झालं.

बेलार्मिना : नाही. बरोबर बोलली ती. बोलू दे तिला. पहिल्यांदाच सरळ बोलतेय.

ओर्लिंदा : मला आज उत्तर नको. विचार करा, दोघं बोला—

बेलार्मिना : काढा क्रूस.

त्रांकिलिनो : मिना, मला तरी विचार.

बेलार्मिना : विचारतेय. काढायचा का?

त्रांकिलिनो : काढायचा. जुनिपरचं लाकूड आहे, मीच तासलंय. खालून कुजलं असेल थोडं. जपून काढायला सांगा.

बेलार्मिना : ऐकलंस? काढा. आणि मंगळवारी मी नाव देणारच.

ओर्लिंदा : द्या. मी तुम्हाला जूनमध्ये हरवीन.

बेलार्मिना : खोऱ्यातल्या प्रत्येक देवळातली बाई माझ्याकडे आहे.

ओर्लिंदा : प्रत्येक नाही. मी मोजलंय.

बेलार्मिना : एर्मिनिया?

ओर्लिंदा : एर्मिनियाकडे मी मत मागणार नाही. आणि तुम्हीही मागू नका.

बेलार्मिना : मी तिच्याकडे मत मागायला नाही जाणार. सांगायला जाईन. दवाखान्यातल्या खुर्च्यांचं, सगळं. उद्याच.

ओर्लिंदा : ती तुम्हाला दारात उभं करणार नाही.

बेलार्मिना : तर बाहेरून सांगेन. ती तुझी भिंत आहे तशी सोड. मी नीट करते, सगळा ढीग एका जागी लावलाय तू.

ओर्लिंदा : खालचा भाग बरा झालाय.

बेलार्मिना : खालचा भाग कोंबड्याही बरा करतात.

ओर्लिंदा : निघते मी. खात्याला सांगते, सोमवारी माणसं पाठवा. क्रूस काढून तुमच्या घरी आणून देतील.

बेलार्मिना : खात्याचा माणूस त्याला हात लावणार नाही.

ओर्लिंदा : मग कोम्पाद्रे काढतील?

त्रांकिलिनो : माझा हा हात त्यांनी सुयांसाठी ठेवलाय. त्यानं दुधाची बाटलीही उचलायची नाही.

ओर्लिंदा : मग कुणी काढायचा? भाऊ येतील तुमचे?

बेलार्मिना : त्याला बाप्तिस्म्याच्या पाण्यापाशी कुणी नेलं होतं?

ओर्लिंदा : मी.

बेलार्मिना : मग तुम्हीच उचला. आणि दारापर्यंत आणून, तेव्हा दिलात तसा, माझ्या हातात द्या.